व्हिलनचं गाव

लीड्समध्ये ऑनसाइट असलेल्या मैत्रिणीकडे मी आठ दिवस राहायला गेले, तेव्हा तिनं फ्रीजवर माझ्यासाठी यादीच लावून ठेवली होती. यॉर्कचं मोठं कॅथीड्रल, यॉर्कची तटबंदी, व्हिटबीचा समुद्र आणि शनिवारी कासल हॉवर्ड नावाचा महाल. मी म्हटलं, महाल नको, आपण गावाला जाऊ या.

‘‘कुठल्या गावाला?’’

‘‘व्हॅरम पर्सी.’’

तिनं फोनवर शोधलं, दोन-चार फोटो पाहिले आणि माझ्याकडे बघून म्हणाली, ‘‘अगं, इथं काहीच नाहीये. नुसतं गवत आहे.’’

‘‘तेच बघायचंय.’’

अशा फालतू प्लॅनला शनिवार देणारी मैत्रीण मिळायला नशीब लागतं. आम्ही लीड्सहून स्कारबरोची ट्रेन पकडली, यॉर्कच्या पुढे माल्टन स्टेशनावर उतरलो. वाटेत तासभर तिचं ऑफिसपुराण. टाइमशीट भरा, इकडे क्लायंट, तिकडे पुण्याचा मॅनेजर, रजा मागितली की दोघांचीही तोंडं वाकडी. पहिल्या नोकरीत तिनं दोन वर्षांचा बॉण्ड लिहून दिला होता. तो कधीच संपला, पण त्याचा राग अजून गेलेला नाही. ‘‘आम्ही म्हणजे मॉडर्न गुलाम गं,’’ ती म्हणाली. हे वाक्य आपण सगळेच आठवड्यातून एकदा तरी म्हणतो. मीही म्हणते. त्या दिवशी मात्र आम्ही चाललो होतो ते गाव खरोखरीच्या बांधलेल्या माणसांचं होतं.

माल्टनपासून दहा-बारा किलोमीटर टॅक्सी. यॉर्कशर वोल्ड्स म्हणजे खडूच्या दगडाच्या बुटक्या, गोलसर टेकड्या. जमीन नांगरली की माती पांढुरकी दिसते, कुणी वर पीठ भुरभुरल्यासारखी. गाडी जाते तिथं एक लहानसं पार्किंग. पुढे जेमतेम सव्वा किलोमीटरची उताराची पायवाट, एक ओहोळ, फाटक, बंद पडलेल्या जुन्या रेल्वेलाइनची खूण. एप्रिल होता, पण वारा असा की कानात बोळे घालावेसे वाटावेत.

आणि मग गाव. म्हणजे गवत.

पहिली पाच मिनिटं मैत्रिणीचंच बरोबर वाटत होतं. दरीच्या तळाशी छप्पर नसलेलं चर्च, शेजारी तळं, पुढे एक जुनी कॉटेजेसची रांग. बाकी टेकडीच्या उतारावर हिरवं गवत आणि दूर चरणाऱ्या मेंढ्या. मग ढग सरकले, ऊन तिरपं पडलं आणि गवताखालून गाव वर आलं. चौकोनी उंचवटे. त्यांच्यामधून खोलगट पट्टा, तो रस्ता. उंचवट्यांची रांग, ती घरं. प्रत्येक घरामागे लांबट परसू, त्याच्या कडेला बांधाची रेघ. डोळ्यांना एकदा सवय झाली की गवत दिसेनासं होतं आणि गल्ल्याच दिसायला लागतात. आम्ही दोघी न ठरवता रस्त्यातूनच चालायला लागलो. कुणाच्या घरावर पाय द्यायला नको वाटलं.

या घरांत राहणाऱ्या माणसांना इंग्लंडच्या कायद्यात एक नाव होतं: व्हिलिन. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ साधा, वाडीवस्तीवर राहणारा, गावकरी. पण जमीनदार आणि दरबारी मंडळींच्या तोंडी तो शब्द ‘गावंढळ’, मग ‘हलकट’, मग ‘बदमाश’ असा घसरत गेला आणि शेवटी आपल्या सिनेमात येऊन पोचला. हो, तोच व्हिलन. ज्यांनी सगळ्यांचं पोट भरलं, त्यांच्याच नावाची भाषेनं शिवी केली.

मराठी पुस्तकांत व्हिलिनला ‘भूदास’ म्हणतात. भूदास गुलाम नव्हता. त्याला घर असायचं, कसायला जमीन असायची, बैल असायचे. मालक त्याला बाजारात उभा करून विकत नसे. पण जमीन विकली गेली की तोही जमिनीबरोबर जायचा, विहिरीसारखा आणि झाडासारखा. आठवड्याचे दोन-तीन दिवस मालकाच्या शेतावर फुकट राबायचं, ही बऱ्याच गावांतली रीत. यॉर्कशरकडे हा बोजा थोडा हलका होता, इथे खंड रोखीत घेण्याकडे जास्त कल. सुगीत मात्र ज्यादा दिवस. म्हणजे स्वतःचं पीक कापायला आलेलं असतं, आभाळ भरून आलेलं असतं आणि नेमकं तेव्हा दुसऱ्याच्या शेतात वाकायचं.

बाकी नियमांची यादी ऐका. मुलीचं लग्न करायचं? मालकाला पैसे भरा. मुलाला शिकायला पाठवायचंय, पाद्री करायचंय? परवानगी घ्या, पैसे भरा. गावाबाहेर राहून काम करायचंय? दरवर्षी पैसे भरा. बाप मेला? घरातलं सगळ्यात चांगलं जनावर मालकाकडे. त्यानंतरचं चांगलं जनावर बऱ्याच ठिकाणी चर्चकडे. शिवाय चर्चला पिकाचा दहावा हिस्सा आहेच. दळण मालकाच्याच गिरणीत, दळणावळ म्हणून पिठातला वाटा तिथंच कापून घेतलेला. भूदासाच्या मुलांसाठी कायद्याच्या कागदांत जो लॅटिन शब्द वापरत, त्याचा अर्थ ‘मागे येणारी’. गाईमागे वासरू येतं तशी. मराठीत सांगायचं तर पिल्लावळ.

मैत्रीण गप्प ऐकत होती. मग म्हणाली, ‘‘म्हणजे रिझाइनच करता येत नव्हतं.’’

नाही. पळून जाता यायचं. सनद असलेल्या शहरात एक वर्ष आणि एक दिवस पकडलं न जाता काढलं, तर माणूस मोकळा समजत. पण मागे राहिलेली शेती, म्हातारी आई, बैल, सगळं सोडून. नोटीस पीरियड एक वर्ष एक दिवस आणि तोही लपून.

व्हॅरम पर्सीची गोष्ट आपल्यापर्यंत पोचली ती मॉरिस बेरेसफर्ड या इतिहासकारामुळे. ते लीड्स विद्यापीठात आर्थिक इतिहास शिकवायचे. १९४८ मध्ये ते इथं आले आणि त्यांनाही गवतातले हेच उंचवटे दिसले. उठलेली गावं असतात यावर तेव्हा अभ्यासकांचा फारसा विश्वास नव्हता. ‘असतील एखाददुसरी’ असं म्हणून विषय संपायचा. १९५० पासून इथं खणायला सुरुवात झाली. पुढे जॉन हर्स्ट हे पुरातत्त्वज्ञ येऊन मिळाले आणि दर उन्हाळ्यात काही आठवडे, स्वयंसेवकांची फौज घेऊन, १९९० पर्यंत हे खोदकाम चाललं. चाळीस वर्षं! एका राजाच्या थडग्यासाठी नाही, शेतकऱ्यांच्या चुलींसाठी. आज इंग्लंडमध्ये अशी उठलेली सुमारे तीन हजार गावं माहीत आहेत.

घरांबद्दल आधी समज असा होता की या गरिबांच्या झोपड्या, वीस-पंचवीस वर्षांत कोसळायच्या, पुन्हा बांधायच्या. नंतर पुरावे नव्यानं तपासल्यावर चित्र बदललं. मुळाशी वाकलेलं झाड उभं चिरून दोन जुळे वासे काढायचे, ते समोरासमोर उभे करून वर टोकाशी जोडायचे आणि अशा जोड्यांवर छप्पर पेलायचं. भार वाशांवर. भिंती नुसत्या आडोशाच्या, म्हणून त्या पडल्या तरी पुन्हा रचायच्या. घर मात्र पिढ्यान्‌पिढ्या टिकायचं. लांबुळकं घर, एका टोकाला माणसं, काहींत दुसऱ्या टोकाला गुरं, मध्ये उघडी चूल, धूर छपरातून वाट काढणार. कोकणातल्या किंवा मावळातल्या जुन्या घरातला गोठा ज्यांनी पाहिलाय, त्यांना हे समजवायला नको. सापडलेल्या वस्तूंत कुलपं-किल्ल्या आहेत. म्हणजे कुलूप लावण्याजोगं काहीतरी घरात होतं आणि ‘हे माझं आहे’ असं म्हणणारी माणसंही होती.

मला सगळ्यात आवडलं ते जात्यांचं. तळ्याच्या बाजूला पूर्वी मालकाची पाणगिरणी होती, पण खोदकामात हातजात्यांचे तुकडेही मिळाले. मालकाच्या गिरणीचा वाटा चुकवायला घरात गुपचूप जातं फिरवणं हा तेव्हाच्या इंग्लंडभर चालणारा गुन्हा होता. दक्षिणेकडे सेंट आल्बन्सच्या मठाधिपतीनं तर लोकांची जाती जप्त करून आपल्या दालनासमोर फरशीसारखी बसवली होती. १३८१ च्या उठावात लोक आत घुसले, ती फरशी उखडली आणि दगडाचे तुकडे आपापसांत वाटून घेतले. पहाटेचं जातं आपल्याकडेही घरोघरी होतं. पण जात्याची घरघर शेजारच्या घरात गेली तर दंड होईल, या भीतीनं ते हळू फिरवणारी बाई मी पहिल्यांदाच डोळ्यांसमोर आणली.

चर्चच्या आवारात आम्ही बराच वेळ होतो. सेंट मार्टिनचं हे चर्च. १९५९ मध्ये त्याचा मनोरा अर्धा कोसळला. आता उभा कापलेल्या केकसारखा दिसतो. भिंती नीट पाहिल्या तर त्यात कमानी दिसतात, दगडांनी बुजवलेल्या. गाव वाढलं तेव्हा चर्चला दोन्ही बाजूंनी दालनं जोडली, गाव आटलं तेव्हा ती पाडली आणि कमानी चिणून टाकल्या. लोकसंख्येचा आलेख भिंतीवरच काढलेला आहे, वेगळी एक्सेल शीट नको.

याच आवारात जवळपास सातशे सांगाडे मिळाले. कागदांवर या माणसांचे फक्त दंड सापडतात, हाडांवर आयुष्य सापडतं. इथल्या मुलांची उंची आजच्या मुलांपेक्षा खूपच कमी होती. चौदा वर्षांचं पोर आजच्या दहा वर्षांच्या मुलाएवढं. पण हाडांच्या रासायनिक तपासणीत हेही दिसलं की आया बाळांना साधारण दीड वर्षापर्यंत अंगावर पाजत होत्या. पहिली दीड वर्षं मूल आईचं, मग ते गावाच्या भुकेत सामील.

एक कवटी चाळिशीच्या पुरुषाची, अकराव्या शतकाच्या आसपासची. डोक्यात कुणीतरी जोरात काहीतरी हाणलेलं. आणि मग कुणीतरी त्याच्या डोक्याची कातडी सोलून, पिचलेलं हाड काळजीपूर्वक खरवडून काढून त्याला वाचवलेलं. जखम भरून आल्याच्या खुणा हाडावर आहेत. भूल नाही, हॉस्पिटल नाही, माणूस साधा शेतकरी. तरी तो जगला. कुणालातरी तो जगायला हवा होता.

आणि काही हाडं अशी की अंगावर काटा यावा. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात १३७ हाडं होती, किमान दहा माणसांची, मेल्यावर सुरीनं तोडलेली आणि जाळलेली. संशोधकांचा सर्वांत जवळचा अंदाज असा की ही भुताची भीती. मेलेला माणूस उठून गावात फिरतो आणि रोग पसरवतो, म्हणून त्याचं शरीरच मोडून टाकायचं. माणसं परकी नव्हती, याच भागात वाढलेली होती, हेही दातांवरून कळलं. स्वतःच्याच माणसांचं भय. रात्रीच्या मिट्ट काळोखात, बारा-पंधरा मैलांपलीकडचं जग न पाहिलेल्या गावात ते कसं वाटत असेल, हे आम्हाला भर दुपारीही कळलं.

मग ही माणसं मुकाट सोसत राहिली का? अजिबात नाही. मालकाच्या शेतावर कामाला उशिरा जाणं, नांगर वरवर चालवणं, खंड थकवणं, लाकूड चोरणं, हे गावोगावच्या वहीत दंडासकट लिहिलेलं आहे. मग काळच फिरला. १३१५ पासून सलग पावसानं पिकं कुजली, युरोपभर दुष्काळ पडला. उत्तरेकडून स्कॉट सैन्याच्या धाडी. १३४९ मध्ये यॉर्कशरमध्ये प्लेग आला. इंग्लंडची तिसऱ्या हिश्शाहून जास्त माणसं गेली. जी उरली त्यांना कळलं की आता हात कमी आहेत आणि शेतं तेवढीच आहेत. त्यांनी मजुरी वाढवून मागितली. सरकारनं १३५१ मध्ये कायदा करून मजुरी प्लेगच्या आधीच्या दरावर गोठवली. (पगारवाढ नको असलेल्या मॅनेजमेंटचा इतिहास जुना आहे.) लोकांनी तो जमेल तिथं धाब्यावर बसवला. १३८१ मध्ये केंट आणि एसेक्सचे शेतकरी लंडनवर चालून गेले. मागणी सरळ होती, भूदासपण रद्द करा. ठिकठिकाणी त्यांनी आधी काय पेटवलं, तर मालकांच्या दफ्तरातल्या नोंदवह्या. कुणाचा आजोबा कुणाला बांधलेला होता, हे त्या वह्यांतच तर होतं. राजानं आधी वचन दिलं, मग फिरवलं आणि पुढाऱ्यांना फासावर दिलं.

पण उठाव हरूनही भूदासपण विरघळत गेलं. ते रद्द करणारा एखादा मोठा कायदा इंग्लंडमध्ये झालाच नाही. माणसं निघून जात राहिली, मालकांना कुळं टिकवायला सवलती द्याव्या लागल्या, राबण्याच्या जागी खंड आला. पंधराव्या शतकाच्या शेवटी व्हॅरमचा शेतकरी बऱ्यापैकी मोकळा होता.

आणि इथंच या गावाची खरी गोष्ट आहे.

भरभराटीत इथं चाळीसेक घरं होती. लोक समजतात की प्लेगनं गाव संपवलं. माल्टनच्या टॅक्सीवाल्यानंही आम्हाला तेच सांगितलं. पण प्लेगनंतरही इथं तीसेक घरं नांदती होती. पंधराव्या शतकाच्या मध्याला सोळाच्या आसपास. गाव आटत होतं, पण जिवंत होतं. मग लोकरीचे दिवस आले. धान्याला भाव नाही, मजुरी महाग, लोकरीला गिऱ्हाईक भरपूर. दहा नांगर जुंपायला गावभर माणसं लागतात, मेंढ्यांना एक मेंढपाळ आणि कुत्रा पुरतो. जमीन तेव्हा बॅरन हिल्टनकडे होती (हॉटेलवाले हिल्टन नव्हेत). १५०० च्या सुमाराला उरलेली चार कुटुंबं निघाली. १५१७ मध्ये सरकारनं अशा उठवलेल्या गावांची चौकशी केली, त्यात व्हॅरमच्या वाट्याला एवढंच आहे: चार नांगर थांबले, चार घरं पडली.

माणसांची नावं नाहीत. नांगर मोजलेत.

मी तिथं उभी राहून हिशेब लावत होते. तीनशे-चारशे वर्षं या लोकांना सांगितलं गेलं, तुम्हाला जाता येणार नाही, तुम्ही या जमिनीचे आहात. लग्नाला दंड, शिकायला दंड, बाहेर पडायला दंड. आणि ज्या दिवशी मेंढी माणसापेक्षा फायद्याची ठरली, त्या दिवशी तोच कायदा, तेच मालक म्हणाले, तुम्हाला राहता येणार नाही, जमीन तुमची नाही. आधी जाऊ देईनात, मग राहू देईनात. ते जमिनीचे होते, जमीन त्यांची कधीच नव्हती. साखळी तुटली की माणूस मोकळा होतो असं आपण समजतो. पण हाताखाली स्वतःची जमीन नसेल, तर मोकळा होणं आणि वाऱ्यावर पडणं यांत फार अंतर राहत नाही.

परतीच्या चढावर मैत्रीण धापा टाकत थांबली. मागे वळून बघत म्हणाली, ‘‘ते बॉण्डचं मी उगाच म्हणाले.’’

मी म्हटलं, ‘‘उगाच नाही. राग योग्यच होता. शब्द चुकला.’’

ती हसली. मग जरा वेळानं म्हणाली, ‘‘पण व्हिसाचं लेटर आलं की घरी जायला सांगतात ना, तेव्हा मलाही असंच वाटतं. पाच वर्षं इथंच राहा, इथंच राहा. आणि एका मेलमध्ये, प्रोजेक्ट संपला, या परत.’’ यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. तिच्याकडे परत जायला पुण्यात घर आहे, हे तिलाही माहीत होतं, मलाही. त्या चार कुटुंबांकडे कुठलं गाव होतं, ते कुठल्याच वहीत नाही.

फाटकाशी आलो तेव्हा ऊन उतरलं होतं. दरीत सावल्या लांब झाल्या होत्या आणि घरांचे उंचवटे सकाळपेक्षा कितीतरी स्पष्ट दिसत होते. टेकडीवरून मेंढ्या उतरून आल्या होत्या आणि जुन्या रस्त्यातून, घरांच्या मधून, चरत चालल्या होत्या. मैत्रिणीनं फोन काढला, फोटो घेतला आणि फाटकाची कडी नीट लावून घेतली.

कसं जाल? लीड्स किंवा यॉर्कहून स्कारबरोच्या ट्रेननं माल्टन, तिथून टॅक्सी. परतीची टॅक्सी आधीच ठरवून ठेवा. प्रवेश फुकट, उजेड असेपर्यंत कधीही जाता येतं. चिखलात चालणारे बूट हवेत. चहाची टपरी, दुकान, टॉयलेट काहीही नाही, त्यामुळे खायचं-प्यायचं बरोबर न्या. आणि शक्यतो सकाळी लवकर किंवा संध्याकाळी जा. ऊन तिरपं असेल, तरच गाव दिसतं.